छकुलीला संदर्भ हवा

सकाळी डबा भरता भरता मोबाइल पाहिला आणि माझ्या वाक्याच्या शेवटी ते दोन शब्द दिसले. चौकोनी कंसात, निळ्या बारीक अक्षरांत: संदर्भ हवा. तव्यावरची पोळी करपून धूर निघाला तरी मी तशीच उभी. आता यात एवढं दचकण्यासारखं काय, असं कोणीही म्हणेल. हे शब्द मी स्वतः इतक्या पानांवर चिकटवलेत की मोजदाद नाही. इंटरनेटवरचा आपला मराठी ज्ञानकोश, कोणीही लिहावा, कोणीही खोडावा असा. तिथे मी कितीतरी वर्षं फुकटची हमाली करते. "पगार देते का वं ते तुले?" असं जीवन, म्हणजे माझा नवरा, दर रविवारी विचारतो आणि दर रविवारी मी त्याचा चहा बंद करायची धमकी देते. पण मला ते काम आवडतं. लोक काय वाट्टेल ते लिहितात हो! बुलढाणा जिल्ह्यातलं कोणतंही गाव घ्या, पानावर एक वाक्य असणारच, की इथे पांडवांनी एक रात्र मुक्काम केला. एवढ्या रात्री वनवासात तरी होत्या का? कोण म्हणतं, कुठे छापलंय, दाखवा. नाही दाखवता येत? मग लावला कंस. काही दिवस वाट पाहायची, कोणी पुरावा आणला नाही की वाक्य काढून टाकायचं. मला त्यात कधी वाईट वाटलं नाही. उलट घर झाडल्यावर वाटतं तसं बरंच वाटायचं. आणि आज तोच कंस माझ्या दारात येऊन बसला होता.

वाक्य खैरडोहच्या पानावरचं होतं. खैरडोह माझं माहेर, जळगाव जामोदच्या अलीकडे, सातपुडा समोर दिसतो असं. आता ते धरणाच्या पाण्याखाली आहे आणि टेकाडावर पत्र्यांचं आणि सिमेंटचं नवं खैरडोह वसवलंय. जुन्या गावाबद्दल मी लिहिलं होतं: 'वेशीबाहेर चिंचेखाली एक लहान दगड होता. छकुली नावाच्या मुलीच्या आठवणीसाठी अखजीला (अक्षय्य तृतीयेला) तिथे पाणी सोडत.' बस, एवढंच. कंस लावणारी अर्पिता. पुण्याची पोरगी, हुशार, तिला हे काम मीच शिकवलेलं. चर्चापानावर तिनं गोड लिहिलं होतं, ताई, वाक्य छान आहे, पण आधार? मी लिहिलं, मी स्वतः पाहिलंय. तिनं लिहिलं, ताई, स्वतः पाहिलेलं चालत नाही, हे तुम्हीच सांगितलंत. मी म्हटलं होतं खरं. आणखीही एक सांगितलं होतं तिला, अगदी दरडावून: बाकी वाक्यांना थोडी मुदत द्यायची, पण हयात माणसाबद्दल बिनपुराव्याचं काही दिसलं तर क्षणभर थांबायचं नाही, तिथल्या तिथे काढायचं. जिवंत माणसाचं नुकसान होतं. मेलेल्यांना काय, ते थांबतात. अर्पितानं शेवटी लिहिलं होतं, अखजीपर्यंत ठेवूया, तोवर काही मिळालं तर बघा. मला रडूच फुटलं. कारण छकुली ही माझी बहीण, आणि ते वाक्य सोडलं तर या जगात तिचं काहीही शिल्लक नव्हतं. फोटो नाही, जन्माची नोंद नाही, घर पाण्यात, माय दोन वर्षांमागे गेलेली. वाक्य गेलं की छकुली झालीच नव्हती.

ऑफिसला जाताना सगळ्या वाटेनं मी तिला आठवत होते. तापाचा वास आठवतो. एक काळं घोंगडं, त्याचे केस गालाला टोचतात. कोणीतरी कपाळावर ओलं फडकं ठेवतं, त्याचं पाणी कानात जातं आणि कानात गार गुडगुडतं. पिवळा फ्रॉक, त्याच्या किनारीला दोऱ्याची वेल. बैलगाडीचं चाक करकरत दूर जातं. मग बायांचा आवाज. मग माय चुलीसमोर पाठ करून बसलेली, आणि मी तिच्या पाठीवर गाल ठेवून विचारते, छकुली कुठी हाये? आणि माय न वळता म्हणते, छकुली नाही आता. हे सगळं इतकं लख्ख आहे की हात लावून पाहावं. पण एक गोष्ट मला कधीच जमली नाही, छकुलीचा चेहरा. काही केल्या दिसत नाही. तिचे हात दिसतात, नखांत माती असलेले. पाय दिसतात, एका अंगठ्याला चिंधी बांधलेली. फ्रॉकचा घेर दिसतो, तोही वरून पाहिल्यासारखा. मान वर करून चेहऱ्याकडे पाहायला जावं तर तिथे काहीच नसतं, नुसतं समोरचं अंगण असतं. लहान होते, विसरले असेन, असं मी स्वतःला सांगत आले. मेलेल्या बहिणीचा चेहरा विसरणारी ही कसली बहीण, असंही मन म्हणायचं. त्या दिवशी मात्र बुलढाण्याच्या भर बाजारात, भाजीच्या हातगाड्यांमधून चालताना, मला पहिल्यांदा त्याची भीती वाटली.

मायची एक सवय होती. अखजीला आमच्याकडे गेलेल्यांच्या नावानं मातीची घागर भरतात, वर खरबूज ठेवतात, नाव घेऊन पाणी सोडतात. खैरडोहमध्ये त्याला आणखी एक नेम होता. नाव मोठ्यानं हाक मारल्यासारखं घ्यायचं, आणि त्या वेळी घरातल्या कोणीही, कोणत्याही हाकेला, ओ द्यायची नाही. ज्याला बोलावलं त्यानंच यावं म्हणून. बाबा गेल्यावर माय त्यांची घागर भरायची आणि शेजारी एक लहानसं मडकं. बाबांचं नाव खणखणीत घ्यायची. मडक्यापाशी आली की नुसते ओठ हलायचे. मी कान देऊन ऐकायचे, कधी ऐकू आलं नाही. हे छकुलीचं, हे मला न सांगता कळलेलं. माय गेल्यानंतरच्या अखजीला ते काम माझ्याकडे आलं. मी घागरी भरल्या, आणि मडक्यापाशी बसून, मायनं कधी केलं नाही ते केलं, अंगणभर ऐकू जाईल अशी हाक मारली, "छकुले, ये वं!" शेजारच्या वंदनावहिनी भिंतीवरून डोकावून पाहायला लागल्या होत्या. मला फार मोकळं वाटलं त्या दिवशी.

आणि दुसऱ्याच दिवसापासून माझा अंगठा लागेना. आमच्या पतसंस्थेत हजेरीचं यंत्र आहे, अंगठा ठेवला की बाई गोड आवाजात धन्यवाद म्हणते. माझ्या अंगठ्याला ती म्हणेना. पुसून ठेवला, दुसरा ठेवला, सगळी बोटं झाली. आमचा शिपाई गजेंद्र म्हणाला, "मॅडम, मशीन तुमाले ओळखूनच नाही राह्यली." सगळे हसले, मीही हसले. भांड्याच्या साबणानं रेषा जातात, मलम लावा, असं सगळ्यांनी सांगितलं. मलम लावलं. रेशनच्या दुकानात तेच. बँकेत तेच. आधारचं नूतनीकरण करायला गेले तर तो पोऱ्या माझं बोट काचेवर दाबून दाबून थकला. शेवटी मी हजेरीला सही करायला लागले आणि ते सगळं विसरले, म्हणजे विसरल्यासारखं दाखवलं. पण कधी कधी भांडी घासताना अंगठा उजेडात धरून पाहायचे. रेषा होत्या. चांगल्या ठसठशीत होत्या.

अखजी जवळ येत चालली तशी मी झपाटल्यासारखी पुरावा शोधायला लागले. जिल्ह्याची जुनी माहितीपुस्तकं चाळली, त्यांत खैरडोहची लोकसंख्या होती, विहिरी होत्या, माणसं नव्हती. धरणाच्या वेळी जुन्या गावातल्या देवळांची, झाडांची, अगदी गोठ्यांचीही पाहणी झाली होती, तो अहवाल मिळवला. चिंच होती, घेरासकट. दगड नव्हता. जीवन म्हणाला, "एवढं काय मनाले लावून घेते? तूच लिवून दे ना पेपरात एक लेख, मंग त्याचाच पुरावा दाखव." अक्कल चालते त्याची अशा वेळी. पण ते म्हणजे स्वतःच स्वतःला साक्षीदार उभं करणं, आणि मी अशा कितीतरी जणांना पानांवरून हाकललंय. शेवटी मी दयारामकाकांना फोन लावला. पूर्वी खैरडोहचे सरपंच, बाबांचे मित्र, आता नव्या गावात मुलाकडे असतात. मी म्हटलं, काका, छकुली गेली तेव्हाचं काही आठवते का, कोणतं साल, कोणी कुठी काही छापलं होतं का. काका म्हणाले, "कोन गेली?" मी म्हटलं, छकुली, आमच्या बाबांची, भगवंतरावांची धाकटी. काका म्हणाले, "काऊन अशी विचारून राह्यली वं? बरी हायेस ना तू?" मी म्हटलं, मी बरी आहे, मी छकुलीचं विचारतेय. "हाव, मी बी तेच विचारून राह्यलो," ते म्हणाले, आणि मग त्यांचा आवाज एकदम बारीक झाला. "रुखमाबाईले विचार. फोनवर नोको." आणि त्यांनी फोन ठेवून दिला. मी मोबाइल हातात धरून बसले होते, खिडकीबाहेर भर दुपार होती.

रुखमाआत्या म्हणजे बाबांची बहीण, गावातच दिलेली. अखजीला सुटी टाकली आणि पहिल्या बसनं निघाले. नांदुऱ्यापासून ऊन गाडीत शिरलं ते उतरेपर्यंत मांडीवर बसून राहिलं. पिशवीत मी लहान मडकं घेतलं होतं, वर्तमानपत्रात गुंडाळून. आत्यानं दारातच माझ्या तोंडावरून हात फिरवला, पाणी दिलं, आणि मडकं पाहून म्हणाली, "चाल, खालीच जाऊ. पाणी उतरलं हाये, समदं दिसते." धरण एप्रिलात आटतं, हे मला माहीत होतं, पण मी कधी पाहायला गेले नव्हते. गाळाला भेगा पडल्या होत्या. चपला हातात घेऊन आम्ही दोघी चालत होतो आणि पायांखाली गाव उमटत होतं. हा देवळाचा ओटा. ही गल्ली. इथे आमचा उंबरठा, दगड तसाच. मी त्याच्यावरून पाय उचलून आत गेले, आत म्हणजे पुन्हा गाळच. आत्या अशी चालत होती, जणू भिंती अजून आहेत. कोपऱ्यावर वळायची तिथेच वळायची, आडवी गेली नाही. मीही तिच्यामागून तशीच गेले. वेशीबाहेर चिंचेचं खोड उभं होतं, काळं, फांद्या नसलेलं. त्याच्या बुडाशी दगड होता. माझ्या आठवणीतलाच, पाटीएवढा. मला इतका आनंद झाला! मोबाइल काढून मी फोटो घेतला, एक इकडून, एक तिकडून. म्हटलं, आता बोल म्हणावं अर्पिताला.

"आत्या, हाच ना वं छकुलीचा दगड?"

आत्या खाली बसत होती, ती अर्ध्यात थांबली. "कोनाचा?"

"छकुलीचा. माह्या बहिणीचा."

"छकुलीचा हाये असं कोनं सांगतलं तुले?"

"मायनं," मी म्हटलं, आणि म्हणता म्हणता मलाच कळलं की मायनं असं कधीच सांगितलं नव्हतं. माय एवढंच म्हणाली होती, छकुली नाही आता. दगड, मडकं, ताप, बैलगाडी, हे सगळं मी जोडलं होतं.

"बस इथी," आत्या म्हणाली. मी बसले. तिनं पदर सावरला, गाळाकडे पाहिलं, आणि कोणाची तरी चुगली सांगावी तशा हळू आवाजात म्हणाली, "छकुली तं तू हायेस."

मला हसू आलं. खरंच आलं. म्हटलं, आत्या, ऊन लागलं का तुले, मी छाया.

"छाया मोठी होती," आत्या म्हणाली. "तुह्याहून दोन वर्षानं. पहिलीत जात जाय. तुमाले दोघीलेबी ताप आला, एकाच घोंगड्यात निजवलं होतं. तिले गाडीबैलानं जळगावले नेऊन राह्यले होते, वाटंतच गेली. तू राह्यली. मंग गुरुजी आले घरी. म्हने, पटावरून नाव कमी करा लागते. तं तुही माय उठली अन् गुरुजीचे पाय धरले तिनं. म्हने, नाव कापू नोका, माही पोट्टी येते शाळेत. अन् जून लागला तसं तुले त्याच नावावर बसवलं. तुह्या नावाचा कागद होताच कोठी? घरात जनमली, कोन लिवून ठेवते? भगवंतनं साऱ्या गावाले सांगतलं, आता हिले छायाच म्हना. छकुली म्हनलं का तुही माय रडत जाय. आमी म्हनलं, म्हना बापा, पोट्टी तं पोट्टी. मंग तेच होऊन गेलं." मग ती म्हणाली, "रिटायर बी दोन वर्षं आंधीच होशील तू," आणि स्वतःच तोंडावर पदर धरून हसली.

वर्गात मी सगळ्यांत बुटकी होते. पहिलीत बाकावरून पाय खाली पोचायचे नाहीत. सगळ्या पोरींचे दुधाचे दात पडले तरी माझे पडेनात. गुरुजी हजेरी घेताना छाया म्हणायचे आणि मी उत्तर देत नसे, मग शेजारची पोरगी मला कोपरानं ढोसायची. हे मला सगळं आठवत होतं, कधीपासून आठवत होतं, पण कधी एका ठिकाणी ठेवून पाहिलं नव्हतं. आणि छकुलीचे हात, नखांत माती. पायाच्या अंगठ्याला चिंधी. वरून पाहिलेला फ्रॉक. मी पायाकडे पाहिलं. उजव्या अंगठ्यावर जुना व्रण आहे, तो कशाचा हे मला कोणी सांगितलं नव्हतं. चेहरा कसा दिसणार होता? घरात आरसा तरी होता का तेव्हा? मला भयंकर थंडी वाजायला लागली, त्या उन्हात. म्हणजे चुलीसमोर बसलेल्या मायला मी विचारत होते, मी कुठी हाये. आणि माय मला सांगत होती, तू नाहीस आता.

"आत्या," मी म्हटलं, "मागच्या अखजीले मी छकुलीच्या नावानं पाणी सोडलं. मोठ्यानं हाक मारली."

"जित्या माणसाच्या नावानं?" आत्या एकदम उभी राहिली. "बाई वं बाई! स्वतःच्याच?" तिनं माझ्या डोक्यावरून दोन्ही हात उतरवले, आपल्या कानशिलांवर बोटं मोडली, पुन्हा उतरवले, पुन्हा मोडली. ती घाबरली आहे हे पाहून मी जास्त घाबरले. मला त्या यंत्रातली बाई आठवली, मला धन्यवाद न म्हणणारी. मग आत्यानं मडकं माझ्या हातातून काढून घेतलं, बाटलीतलं पाणी त्यात ओतलं, दगडासमोर ठेवलं. "आता तुह्या मायच्या वाटचं मी करतो," म्हणाली. "तू गप बसजो." तिनं पदर डोक्यावरून घेतला आणि त्या रिकाम्या गावाकडे तोंड करून, कोणी खेळायला गेलेल्या पोरीला बोलवावं तशी लांबलचक हाक मारली.

"छाये! ये वं माय, पाणी पे!"

"ओ," मी म्हटलं.

ते माझ्या तोंडून बाहेर पडलं आणि गाळावरून लांब जाऊन विरलं. जन्मभराची सवय, दुसरं काय. आत्यानं माझ्या तोंडावर हात दाबून धरला, तिच्या तळहाताला मातीचा वास होता. मडक्यातलं पाणी हलत होतं, वारा असेल.

दुपारी आत्याच्या ओसरीवर बसून मी खैरडोहचं पान उघडलं. अर्पिताचा निरोप होता, ताई, मिळालं का काही? दगडाचे फोटो होते माझ्याकडे. चढवता आले असते. पण वाक्य खोटं होतं. छकुलीच्या नावानं दगड नव्हता, आणि ज्या छायाच्या नावानं होता ती कुठल्याच कागदावर मेलेली नव्हती. तिच्याकडे पुराव्यांची काय कमी! शाळेचा दाखला होता, आधार होतं, लग्नपत्रिका होती, पगार होता. तिला मेलेली म्हणणाऱ्या वाक्याला मीच कंस लावला असता. मी वाक्य निवडलं आणि काढून टाकलं. बदल का केला ते खालच्या चौकटीत लिहावं लागतं. तिथे लिहिलं, व्यक्ती हयात आहे, आणि प्रकाशित करा दाबलं. पानाच्या इतिहासात नवी ओळ आली. आधी माझं खातं, मग मजकूर. छाया: वाक्य काढले, व्यक्ती हयात आहे. ती ओळ मी पुन्हा पुन्हा वाचत बसले. मला वाटलं, हे मी लिहिलेलंच नाही.

लगेच अर्पिताचं उत्तर आलं. पोरगी फार पक्की आहे, मीच केलीय तशी. ताई, ती हयात आहे, याला काही संदर्भ?

आतून भांड्यांचा आवाज येत होता, दूध उकळल्याचा वास आला. मग आत्यानं हाक मारली, "छकुले, चहा घे वं!" आणि कोणाला बोलावतेय म्हणून मी मागे वळून पाहिलं.